भालेवाला नव्हे, राणी

जळगावच्या पिंप्राळ्यात ब्लाउज शिवणाऱ्या ज्योत्स्नाबाईंनी भरल्या लग्नसराईत दुकानाला कुलूप ठोकलं आणि धुळ्याची बस धरली. कारणही तसंच होतं. त्यांचे आजोबा अभिमन आधी नाटकात आणि मग मूकपटात राणी व्हायचे. आणि जितेंद्र नावाचे एक प्राध्यापक आपल्या पुस्तकात त्यांना भालेवाला पहारेकरी करून टाकायला निघाले होते!

आजोबांच्या कंपनीच्या एका मूकपटाचा सात मिनिटांचा तुकडा नुकताच सापडला होता. कंपनीच्या जुन्या जाहिरातीत अभिमनचं नाव होतं, पण भूमिका दिलेली नव्हती, म्हणून सरांनी त्यांना पहारेकऱ्यांत बसवलं होतं. राणीपुढे सरांनी ‘अज्ञात अभिनेत्री’ लिहून ठेवलं होतं. पुस्तक सोमवारी छापायला जाणार. त्याआधी कुणाला काही सांगायचं असेल तर धुळ्याच्या कॉलेजच्या हॉलमध्ये यावं, असं त्यांनी पेपरात दिलं होतं. माणूस सरळ होता, एवढं कबूल करायला हवं.

“तोवर बायका पडद्यावर यायला लागल्या होत्या, अक्का,” सर समोर उभं राहून सावकाश म्हणाले. “मग पुरुषाला राणी कशाला करतील?”

बाईंना ऐकू येत नव्हतं. त्यांनी ओठ वाचले. आठव्या वर्षी तापात कान गेले तेव्हा घरच्यांनी कपाळाला हात लावला होता. आजोबांनी, म्हणजे आबांनी, नाही. ते रोज ओट्यावर नातीसमोर बसून आवाज न काढता बोलायचे, आणि तिनं ओळखलं की मूठभर शेंगदाणे द्यायचे. मुक्यानं बोलणं हा तर त्यांचा धंदाच होता. पारोळ्याहून नाटक कंपनीत पळालेला शेतकऱ्याचा पोर, पण नऊवारी नेसून स्टेजवर आला की पुढच्या रांगेतल्या बायका आपापले पदर सारखे करायच्या. पुढं बोलपट आला, अहिराणी हेल मालकाच्या कानाला टोचला, आणि राणी निमूट पारोळ्याला येऊन कपाशी निंदू लागली. असा माणूस भालेवाला?

हॉलमध्ये अंधार झाला. पडद्यावर राजानं राणीला महालाबाहेर जायला फर्मावलं. राणीनं पाळण्यातलं मूल उचलून छातीशी धरलं, तिचे डोळे भरून वाहू लागले. पाटी आली: ‘नाथ, राज्य घ्या, पण मला टाकू नका!’ चेहऱ्यावर पावडरीचे थर, चित्रावर ओरखडे. चेहरा ओळखण्याची सोयच नव्हती. पण ओठ दिसत होते. ज्योत्स्नाबाई ताडकन उठल्या.

“थांबा! ती राजासंगे बोलतच नाही. अहिराणी बोलतेय ती!”

सरांनी तुकडा पुन्हा लावला. या वेळी बाई राणीबरोबर मोठ्यानं बोलत गेल्या. “उखर्डू, मना राजा, तू तरी ऱ्हाय रे. तू तरी जाऊ नको.”

शब्द आणि ओठ बरोब्बर जुळले. हॉलमधली म्हातारी माणसंही तेच पुटपुटू लागली.

“पण हा उखर्डू कोण?” सरांनी विचारलं.

“मना बाप. माझे वडील,” बाई म्हणाल्या.

आधीची दोन पोरं दगावली, म्हणून तिसरं जन्मल्या जन्मल्या उकिरड्यावर ठेवून उचललं होतं. तेच नाव पडलं. मूकपट निघाला तेव्हा ते पोर सहा महिन्यांचं होतं.

सरांनी चष्मा पुसला आणि सगळ्यांसमोर ‘अज्ञात अभिनेत्री’ खोडून ‘अभिमन, पारोळा’ लिहिलं. “चुकलो, अक्का,” ते म्हणाले. टाळ्या पडल्या.

बाई मात्र रडत होत्या. त्यांचे वडील त्र्याऐंशी वर्षं जगले आणि एकच सल घेऊन गेले: आबांनी आपल्याला कधी कडेवर घेतलं नाही. वडीलधाऱ्यांदेखत स्वतःचं पोर उचलणं तेव्हा निलाजरेपणाचं मानायचे. घरात जे जमलं नाही ते आबांनी परक्या गावात, परक्याचं पोर छातीशी धरून, सगळ्यांदेखत केलं होतं. आणि ज्याच्यासाठी केलं त्याला ते कधी कळलं नाही.

ज्योत्स्नाबाईंनी पदरानं डोळे टिपले.

“आखो एक डाव लावा, भाऊ,” त्या म्हणाल्या. “मना बापकरता माले देखनं शे.”