नखांचा आवाज

मनालीनं शेंगीचा मागचा पाय उचलला, पंजा उलटा करून लादीवर टेकवला आणि वाट पाहिली. धडधाकट कुत्री पाय लगेच सरळ करते. शेंगीनं केला नाही. मनालीनं तिच्या बोटाला कचकचून चिमटा काढला, तरी ती लांबट पाठीची, आखूड पायांची पोर नुसती तिच्याकडे बघत राहिली.

खुर्चीत बसलेल्या वडिलांचा पेपर तिनं खाली ओढला.

"कधीपासून असं आहे, बाबा?"

"सकाळी तर चालत व्हती," दामू म्हणाला.

चालत कसली, फरफटत होती. स्वयंपाकघरापासून दामूच्या खुर्चीपर्यंत लादीवर लाल रेघा उमटल्या होत्या, खुर्चीभोवती दोन फेरे होते. मागची नखं झिजून रक्ताळली होती.

गेल्या वर्षी शेंगीच्या मणक्यातली गादी सरकली, तेव्हा सहा आठवडे पिंजऱ्यात ठेवून बापलेकीनं तिला पुन्हा उभी केली होती. दुखणं उलटू शकतं, असं डॉक्टरीणबाईंनी तेव्हाच बजावलं होतं. नखं लादीवर घासल्याचा आवाज आला, की तडक घेऊन या. पाय गेल्यावर आणलंत तर माझ्या हातात फारसं उरणार नाही. मनालीची पूर्णा गावातल्या गोदामात बारा तासांची ड्युटी. दामूचा कापड विणायचा लूम बंद पडलेला, म्हणून तो घरी. मास्क लावलेल्या बाईंकडे बघत त्यानं तीनदा मान डोलावली होती.

"दिवसभर घरात बसून तुम्हाला एवढं कळलं नाही?" मनालीचा तोल सुटला. "जड झाली होती का ती तुम्हाला?"

दामूचा चेहरा उतरला.

"डोळा लागला माजा," तो म्हणाला. "माजीच चूक हाय."

तिनं दवाखान्यात फोन लावला. बाई म्हणाल्या, आणा, पण आशा धरू नका. ती रिक्षा बघायला बाहेर गेली. परत आली तेव्हा दामू दाराकडे पाठ करून शेंगीसाठी चादरीची घडी घालत होता.

"बाबा, रिक्षा आली."

दामू घडी घालत राहिला.

"बाबा," ती मोठ्यानं म्हणाली.

शेंगीनं कान टवकारले आणि मान वळवली. दामूची पाठ हलली नाही.

मनाली दारातच थबकली. तीस वर्षं लूमच्या खडखडाटात उभी राहिलेली पाठ होती ती. तिला बाईंचा मास्क आठवला आणि ती डोलणारी मान आठवली. खुर्चीवर पेपर पडला होता. त्यातलं शब्दकोडं शेवटच्या चौकटीपर्यंत पेनानं भरलेलं होतं. डोळा लागलेला माणूस शब्दकोडं सोडवत नाही. आपण काय बोलून बसलो, याची तिला लाज वाटली.

ती वळसा घालून त्याच्या समोर गेली.

"रिक्षा आली," ती सावकाश म्हणाली.

दामूची नजर तिच्या ओठांवर होती.

"पयल्या हाकेलाच ऐकलं व्हतं मी," तो म्हणाला आणि शेंगीला उचलायला वाकला.