तीन दिवसांचा खंड

दर अकरा महिन्यांनी पंपवाला सरकारच्या लेखी तीन दिवस नाहीसा व्हायचा. आदेश संपायचा, तीन दिवसांचा खंड पडायचा आणि चौथ्या दिवशी नवा कागद हातात पडला की तो पुन्हा तात्पुरता पंपचालक म्हणून जन्माला यायचा. एकवीस वर्षांत त्याचे असे बावीस जन्म झाले होते. सलग नोकरी केली असं उद्या या माणसाने म्हणू नये, म्हणून ही व्यवस्था. एवढं डोकं चालवणारी साहेब मंडळी पंपाची जुनी मोटार बदलायचा विषय निघाला की मात्र हात वर करायची.

माणसाला खंड पाडता येतो, पाण्याला कसा पाडणार? पंपावर माणसं दोनच, दिवसा एक आणि रात्री एक. दुसरे होते मामा. वयाने मोठे, नोकरीत कायम, आणि याला व्हॉल्व्ह कसा फिरवायचा इथपासून सगळं त्यांनीच शिकवलेलं. पहिल्या खंडात मामांनी एकट्याने दोन दिवस आणि दोन रात्री काढल्या आणि तिसऱ्या दिवशी चक्कर येऊन मोटारीजवळ पडले. पंपवाल्याला हे कळलं तसा तो घरून धावत आला आणि त्याने काम हातात घेतलं. लॉगबुकात दर तासाला प्रेशर लिहून पुढे सही करायची असते. त्याचं नाव तर त्या दिवशी अस्तित्वातच नव्हतं. त्याने मामांची सही ठोकून दिली.

पुढे तो रिवाजच पडला. याचा खंड आला की मामा तीन दिवस लेकीकडे जायचे आणि हा मोटारीशेजारी सतरंजी टाकून, मध्येमध्ये डुलक्या काढत, मामांच्या नावाने पाणी सोडायचा. पाच वर्षांपूर्वी मामा निवृत्त झाले, तेव्हा अख्ख्या नोकरीत एकही रजा न घेतल्याबद्दल त्यांना प्रमाणपत्र मिळालं. ते बघून दोघे पोट धरधरून हसले होते.

मामांच्या जागी आलेला माणूस कायद्यावर बोट ठेवणारा निघाला. खंडात त्याने बाहेरचा माणूस मागून घेतला आणि पंपवाला गपचूप घरी बसू लागला.

मग यंदा नवा नियम आला. दहा वर्षं सलग काम केलेल्या तात्पुरत्या कामगारांना कायम करायचं. खंडाच्या दिवसांतही काम केल्याचा पुरावा असेल तर ते दिवसही धरायचे. अर्ज एकदाच घेणार, त्यानंतर यादी बंद. पंपवाल्याने पन्नाशी गाठली होती. दरवर्षी नव्या कागदासाठी साहेबाच्या दारात ताटकळायचा त्याला मनापासून वीट आला होता. आजारी पडायची सोय नाही, म्हातारपणाची तरतूद नाही. कायम झाला नाही तर साठीला रिकाम्या हाताने घरी जायचं, हे त्याला स्वच्छ दिसत होतं.

युनियनच्या सेक्रेटरीने लॉगबुकं उलटीपालटी केली आणि म्हणाला, पहिल्या सोळा वर्षांचा पुरावा तर तुमच्याच हाताने लिहिलेला आहे, अक्षर तुमचं आहे हे फक्त सांगून टाका. पंपवाला म्हणाला, पण मग मामांचं काय? सेक्रेटरी म्हणाला, विचार करून सांगा.

बायकोला एवढा वेळ लागला नाही. ती भाजी निवडत होती, मान वर न करता म्हणाली, "मामांचं मामा बघतील. तुम्ही एकदा तरी स्वतःचं बघा."

तो मामांना विचारायला म्हणून गेला. मामींनी आग्रहाने जेवायला बसवलं. मामा गुडघ्यांबद्दल बोलले, नातवाबद्दल बोलले, तुझी फाईल कुठवर आली म्हणूनही विचारलं. हा म्हणाला, चाललंय. शब्द अगदी ओठांवर आले होते, पण समोरच्या ताटात मामींनी वाढलेलं असताना ते बाहेर पडेनात. तसाच उठून घरी आला आणि स्वतःला शिव्या घालत राहिला.

समितीपुढे तिघे जण होते. मधल्या बाईंनी लॉगबुक उघडून शांतपणे विचारलं की, दरवर्षी या तीन दिवसांत पंप कोणी चालवला? पंपवाल्याने लॉगबुकातल्या सह्यांवरून नजर फिरवली. शेवटी म्हणाला, "मी. सह्या मामांच्या आहेत, पण केल्या मी."

बाईंनी कोरा कागद पुढे सरकवला. त्याने मामांची सही केली, हुबेहूब. तिघांनीही ती लॉगबुकाशी ताडून पाहिली आणि त्याच्यावर पूर्ण विश्वास ठेवला.

विश्वास ठेवला, तिथेच सगळं फिसकटलं. पंधरा दिवसांनी उत्तर आलं. सरकारी नोंदवहीत खोट्या सह्या केल्याचं अर्जदाराने स्वतःच कबूल केलं असल्यामुळे त्या दिवसांचा लाभ त्याला देता येत नाही, अर्ज फेटाळण्यात येत आहे. कामावरून मात्र काढलं नाही, कारण ती म्हातारी मोटार बिघडली की दुसऱ्या कुणाच्या हाताला दाद देत नव्हती. सोबत अकरा महिन्यांचा नवा आदेश होता.

त्याच आठवड्यात मामांचा फोन आला. कचेरीतून काहीतरी टपाल आलंय, मोतीबिंदूमुळे मला अक्षर लागत नाही, मामीलाही त्यातली भाषा कळत नाही, जरा वाचून दाखव.

तो गेला. पाकीट फोडलं आणि वाचायला लागला. गैरहजर असताना हजेरी दाखवल्याप्रकरणी चौकशी पूर्ण होईपर्यंत पेन्शन थांबवण्यात येत आहे. पुढची ओळ अशी होती की, सदर बाब पंपचालकाच्या जबाबावरून उघड झाली आहे. ती गाळता आली असती. मामांना कळलंही नसतं. त्याने ती वाचली, सावकाश, एकेक शब्द.

पंपवाल्याला वाटलं, आता यांनी आपल्या थोबाडीत मारावी, म्हणजे निदान सुटलो. मामांनी गुडघ्यावरचा हात हळूच उचलला आणि पुन्हा तिथेच ठेवला.

"म्हणजे तू खरं सांगितलंस," ते म्हणाले.

"हो."

"मग? केलं का तुला कायम?"

घडी घातलेला नवा आदेश त्याच्या खिशातच होता. त्याने मामांच्या तोंडाकडे पाहिलं. ते डोळे बारीक करून त्याचा चेहरा शोधत होते, आणि त्यांना तो नीट दिसत नव्हता.

"हो मामा," तो म्हणाला. "झालो."

मामांनी मान डोलावली. मग स्वयंपाकघराकडे तोंड करून जरा मोठ्याने म्हणाले, "अगं, ऐकलंस का? आपलं पोरगं कायम झालं."