सात दारं

धम्मशीलानं माईकचा दांडा चार बोटं खाली ओढला, शेजारी उभ्या असलेल्या पाहुणीकडे एकदा पाहिलं आणि त्यांचं पहिलं वाक्य मराठीत सांगितलं. सभागृहात टाळ्या पडल्या.

लोणारला एवढी गर्दी क्वचितच व्हायची. घाना देशाच्या भारतातल्या उच्चायुक्त, डॉ. अफुआ आम्पोमा, खास दिल्लीहून आल्या होत्या. त्यांच्या कार्यालयातून आलेल्या पत्रात एकच विनंती होती, दुभाषी म्हणून धम्मशीला नावाची मुलगी मिळाली तर बरं. आडनाव दिलेलं नव्हतं. पत्रातली मुलगी आता त्रेपन्न वर्षांची होती आणि जिल्हा परिषदेच्या शाळेत विज्ञान शिकवत होती. निरोप घेऊन आलेल्या शिपायालाही तिनंच शिकवलं होतं.

पस्तीस वर्षांपूर्वी बाई पहिल्यांदा आल्या त्या तळ्याचं पाणी तपासायला. त्यांच्या देशातही उल्का पडून झालेलं एक तळं होतं, बोसुमत्वी नावाचं. दोन्ही तळ्यांवर त्यांना प्रबंध लिहायचा होता. मोडकंतोडकं इंग्रजी बोलायला धजावणारी म्हणून बारावीतल्या धम्मशीलाला त्यांच्यासोबत दिलं गेलं. अफू म्हणजे नशेची वस्तू, ते नाव घेऊन माणसाला हाक कशी मारायची, म्हणून धम्मशीलाच्या आईनं त्यांचं नाव आभा करून टाकलं. सात महिने त्या धम्मशीलाच्या घरी राहिल्या. दोन खोल्यांपैकी एक त्यांची, दुसरीत घरची पाच माणसं.

रोज सकाळी दोघी बाटल्या घेऊन तळ्यात उतरायच्या आणि ऊन चढायच्या आत वर यायच्या. सूक्ष्मदर्शकाला डोळा लावायचा कसा, आकडा खोडायचा नाही, चुकला तर शेजारी दुसरा लिहायचा, हे सगळं धम्मशीला तेव्हा शिकली. जाताना बाईंनी तिच्या वडलांना, प्रेमानंदांना, समोर बसवून एवढंच सांगितलं होतं, ‘हिची पदवी होईपर्यंत लग्नाचं नाव काढू नका.’ वडलांनी शब्द पाळला. आज अंगावर जी इस्त्रीची साडी होती, शाळेत जी खुर्ची होती, त्या दोन्हींचं मूळ त्या सात महिन्यांत होतं, हे धम्मशीला कधी विसरली नव्हती.

बाई बोलत होत्या आणि धम्मशीला एकेक वाक्य उचलून सभागृहापुढे ठेवत होती. त्यांनी अठरा वर्षं विद्यापीठात शिकवलं. मग सरकारनं बोलावून घेतलं, कारण व्होल्टा नदीचं पाणी सहा देशांत वाटलं जातं आणि पाण्याविषयी बोलायला पाणी कळणारं माणूस हवं होतं. तिथून त्या राजदूताच्या कामात आल्या त्या आल्याच.

"माझ्या नोकरीतलं सगळ्यात अवघड काम एकच," बाई म्हणाल्या. "समोरच्याला नाही म्हणायचं, पण तो परत आपल्याशी बोलेल असं म्हणायचं. ते मी कुठं शिकले, सांगू? इथं. लोणारला."

धम्मशीलानं ते सांगितलं. लोक कौतुकानं एकमेकांकडे पाहू लागले.

"पहिल्या दिवशी मी खोली शोधत सात दारांवर गेले. सातही घरांनी नाही म्हटलं. पण किती जपून म्हटलं! एका घरी म्हातारी आई रात्रभर खोकायची, माझी झोपमोड होईल याची त्यांना काळजी. एका घराचं छत गळत होतं. निळ्या दाराच्या घरी लेक बाळंतपणाला येणार होती. ती सातही कारणं मी वहीत लिहून ठेवली. पुढे कुणाला नकार द्यायची वेळ आली की मला ती माणसं आठवायची. आज मी त्या सात घरांचे आभार मानायला आले आहे."

धम्मशीलानं पाण्याचा पेला हातात घेतला. सभागृह तिच्या तोंडाकडे पाहत होतं.

म्हातारीचा खोकला तिनं रचला होता. गळकं छतही तिचंच. त्या दिवशी त्या सात दारांत जे बोललं गेलं ते वेगळंच होतं. बाईंच्या रंगावरून बोललं गेलं, त्या काय खात असतील यावरून बोललं गेलं. निळ्या दाराचे गुलाबराव तर उंबऱ्यातूनच म्हणाले होते, "हे कोठचं ध्यान आनलं वं? माह्या घरात नोको. आन तू बी आंगनातूनच बोल." असले शब्द धम्मशीलाला नवे नव्हते. तिच्या घरानं ते पिढ्यानपिढ्या ऐकले होते. म्हणूनच एवढ्या लांबून आलेल्या माणसाच्या कानावर ते घालायला तिची जीभ वळली नाही. दर दारापाशी क्षणभर थांबून तिनं नवं कारण शोधलं आणि इंग्रजीत सांगितलं. सातव्या दारानंतर ती बाईंना सरळ आपल्या घरी घेऊन गेली.

धम्मशीलानं पाण्याचा घोट घेतला आणि बाईंचं बोलणं सावकाश, एकही शब्द न गाळता मराठीत सांगितलं. टाळ्यांचा कडकडाट झाला. पहिल्या रांगेत बसलेल्या ऐंशी वर्षांच्या गुलाबरावांचे हात मात्र काठीच्या मुठीवरच राहिले.

कार्यक्रमानंतर बाईंना शेजारच्या खोलीत बसवलं होतं. भेटणाऱ्यांची रीघ ओसरली तेव्हा गुलाबराव आत आले. ते बाईंकडे गेले नाहीत. धम्मशीलाच्या पुढ्यात येऊन उभे राहिले.

"मास्तरीनबाई, त्या खरंच तसं बोलल्या?"

"हाव काका. म्या एक शब्द बदलला नाही."

"आज नाही बदलला," गुलाबराव म्हणाले.

धम्मशीलानं त्यांच्यासाठी खुर्ची पुढे ओढली. ते बसले नाहीत.

"निळं दार माह्यंच होतं. आन मले तं लेकच नाही. दोन पोरं हायेत फक्त." त्यांनी काठी या हातातून त्या हातात घेतली. "म्या काय म्हन्लं होतं ते मले याद हाये. तुले बी असन."

"जाऊ द्या काका. लय वर्सं झाले."

"कसं जाऊ देऊ? साऱ्या गावापुढं माह्ये आभार मानले त्याईनं." मग ते बाईंकडे वळले, पण डोळे खालीच होते. "त्याईले म्हना, माह्या घरी चहाले या. आन तुमी बी या. आंगनात नाही, घरात. हे मात्र जसंच्या तसं सांगजा."

धम्मशीला बाईंकडे वळली. इंग्रजी वाक्य जुळवायला तिला एक क्षण लागला. तेवढ्यात बाई खुर्चीच्या हातावर जोर देऊन उठल्या.

"चाला," त्या म्हणाल्या. "घर लांब हाये का?"

उच्चार धम्मशीलाच्या आईचे होते. आई ‘हाये’ असंच लांबवून म्हणायची. गुलाबराव आ वासून पाहत राहिले आणि मग लगबगीनं दाराकडे निघाले.

"तुम्हाला मराठी समजतं?" धम्मशीलानं इंग्रजीत, हळू आवाजात विचारलं.

"थोडं. तुझ्या आईनं शिकवलं, भाकरी करता करता." बाईंनी तिचा दंड धरला. "आणि निघायच्या आदल्या रात्री तिनं मला सातही दारांचं खरं सांगितलं, गावातून तिच्या कानावर आलेलं. म्हणाली, पोरीला कळू देऊ नको, तिला वाईट वाटेल. ती सात कारणं तुझी होती, म्हणूनच मी जपून ठेवली."

पस्तीस वर्षं मनात घोळवलेले आभाराचे शब्द धम्मशीलाला कुठल्याच भाषेत सापडत नव्हते. बाईंनीही वाट पाहिली नाही. दंड धरूनच त्या चालू लागल्या.

गुलाबरावांच्या अंगणात पोचल्यावर धम्मशीलाचे पाय सवयीनं थांबले. आतून त्यांच्या बायकोनं, सुभद्राबाईनं, डोकावून पाहिलं, पदर सारखा केला आणि बाईंच्या आधी तिलाच म्हणाली,

"ये ना वो माय, बाहेर काऊन उभी?"