पाहणारे तिघे

हर्षाने स्टुलावर चढून आढ्याला बांधलेला कॅमेरा हिसडला. वायर तुटली, खिळा खाली मागावर पडला.

“अवं, हळू!” भैय्याजी दारातूनच ओरडले. “विदेशातून मागवला तो.”

भैय्याजी भंडाऱ्याचे कोसा रेशमाच्या साड्यांचे व्यापारी. साडी खरोखर हातमागावर विणली जाते हे परदेशी गिऱ्हाइकांना इंटरनेटवर थेट दिसावं, म्हणून दोन वर्षांपूर्वी त्यांनी हर्षाच्या आईच्या, चंद्रकांताबाईंच्या, डोक्यावर हा डोळा बसवला होता. सकाळी दहा ते संध्याकाळी सहा. घास गिळताना, कंबर चोळताना, पदर सावरताना जगात कुणीही तिला पाहावं.

“चौदा दिवस झाले मायले जाऊन. अन् हा अजून चालूच?”

“दुसरी विणकरीण बसवाची होती ना. बंद ठेवला तं पाहणारे तुटतेत.”

“पाहणारे!” हर्षा स्टुलावरून उतरली. “पाऊण तास माय मागावर डोकं टेकून पडली होती. शेजारची गोदावरीमावशी चहा घेऊन आली म्हणून कळलं. डॉक्टर म्हणे, आधी आणली असती तं वाचली असती. तुमचे पाहणारे काय करून राहिले होते? शेंगा फोडत होते?”

भैय्याजी आत येऊन मागावर पडलेला खिळा उचलू लागले.

“किती जण होते? तुमच्या कॉम्प्युटरात सगळं येते ना?”

“जाऊ दे, पोरी.”

“काहून जाऊ देऊ? एकेकाले विचाराचं आहे मले.”

“तिघं होते,” भैय्याजी हळूच म्हणाले. “अमेरिकेतले दोघं पाच मिनिटांत निघून गेले. तिसरं पुण्याचं. शेवटपर्यंत होतं.” मग आवाज आणखी उतरवून, “कोणालेच सांगितलं नाही मी. तुझ्या बाबालेही नाही.”

पुण्याच्या ऑफिसात रोज दुपारी हर्षाच्या स्क्रीनच्या कोपऱ्यात आईची खिडकी उघडी असायची. चित्र पंधरा-पंधरा सेकंदांनी बदलायचं. कधी आईचा हात हवेतच अडकून राहायचा. त्या दुपारीही चित्र हलेना म्हणून तिने दोन-तीनदा बटण दाबलं होतं, लाइनला शिव्या घातल्या होत्या आणि पुन्हा कामाला लागली होती. आपल्याकडेच अडकलं, बाकीच्यांना दिसलंच असणार, असं ती इतके दिवस स्वतःला बजावत होती.

“चित्र अडकते ना, भैय्याजी?” तिचा आवाज चढला. “तुमची लाइन अडकतेच ना?”

“अडकते,” भैय्याजी तिच्याकडे न पाहता म्हणाले. “नेहमीच अडकते, बाई.”

त्यांनी शिवी हासडली असती तर तिला बरं वाटलं असतं.