लेईताईंचा गुडघा

अकरा वर्षांत मला पाचाच्या खाली तारे कुणी दिले नव्हते. सहल संपली की पाहुण्यांच्या फोनवर कंपनीचा फॉर्म जातो, त्यात पाचपैकी किती तारे ते ठोकायचं आणि खाली दोन ओळी अभिप्राय लिहायचा. सहल एका दिवसाची. सकाळच्या विमानाने चेंगदूला उतरायचं, पांडा बघायचे, जेवायचं आणि संध्याकाळच्या विमानाने आपापल्या घरी. मी गाईड आणि माझा नवरा लाओ पू गाडी चालवतो. तो कमी बोलतो, म्हणून मला त्याच्याही वाटणीचं बोलावं लागतं.

एप्रिलात शीआनहून एका बाईंचं बुकिंग आलं. लेई छ्याओलिंग, वय एकसष्ट, एकट्याच. आणि खाली खास लिहिलेलं, 'गाईड झोंगबाईच पाहिजेत.' मी तो फोन लाओ पूच्या नाकासमोर धरला. म्हटलं, बघ, शीआनपर्यंत नाव गेलंय माझं.

खरं तर त्या दिवसांत माझं कशातच लक्ष नव्हतं. आमची एकुलती एक मुलगी श्याओमान आणि शीआनचा दांग लिन यांचं दोन वर्षं जमलेलं होतं. मुलगा इथेच पुलांच्या ऑफिसात नोकरीला, दर रविवारी आमच्याकडे जेवायला. दोन्हीकडची मोठी माणसं एका टेबलावर जेवली की लग्न पक्कं, एवढंच राहिलं होतं. पण मुलाच्या आईने तीनदा ठरवून तीनदा मोडलं. दर वेळी गुडघा दुखतोय म्हणून. आम्ही शीआनला येतो म्हटलं, तर घराला रंग काढलाय. आणि मध्ये एकदा लिनच्या तोंडून निसटलं, की आईला आमच्या सिचुआन प्रांतातली सून नको आहे. तिकडच्या बायका नवऱ्याचे कान पिळून पिळून मऊ करतात म्हणे.

शेवटी श्याओमान मला म्हणाली, "आई, उन्हाळ्यापर्यंत बघते. ज्या घराला मी नको आहे तिथे मी जाणार नाही. मग लिनचं आणि माझं इथेच संपलं." हे ती अगदी कोरड्या डोळ्यांनी बोलली आणि मग न्हाणीघरात जाऊन नळ सोडून बसली. अर्धा तास नळ चालू होता. मी बाहेर उभी राहून त्या न पाहिलेल्या बाईला मनातल्या मनात काय काय म्हणाले ते इथे लिहिण्यासारखं नाही.

तर लेईताई. धुक्यामुळे विमान पन्नास मिनिटं उशिरा आलं. बुटक्या, भक्कम, कानापर्यंत कापलेले पांढरे केस, निळं जाकीट, आणि आवाज असा की मी पाटी धरून उभी होते ती दचकून खाली घेतली. खांद्यावर ही एवढी पिशवी.

लाओ पूने पिशवी घेतली आणि तो वाकलाच. मी म्हटलं, "ताई, दगड भरलेत की काय?"

"रोट्या आहेत. तुमच्याकडे काय, भात आणि मिरच्या. माणसाने खायचं काय? व्हिनेगरची बाटली पण आणली होती, ती विमानतळावरच्या पोराने काढून घेतली."

"बरं, बरं. आता पाय उचला. पांडा सकाळी खातात आणि साडेनऊ-दहाला आडवे होतात. मग भूकंप झाला तरी उठत नाहीत."

गाडीत बसल्या तशी त्यांनी प्रश्नांची सरबत्ती लावली. पांडांबद्दल एक नाही. मुलं किती? मुलगी काय करते? स्वयंपाक येतो का? घरात कुणाचं चालतं?

"माझं," मी म्हटलं. "आमच्याकडे विचारायची पद्धतच नाही. ह्यांचे कान बघा, हात लावून बघा हवं तर."

लाओ पू हसला. सिग्नलला त्याने संत्रं सोललं, शिरा काढल्या आणि नेहमीसारखं अर्धं माझ्या हातावर ठेवलं, अर्धं मागे ताईंना दिलं. त्यांनी ते संत्रं हातात धरून ठेवलं आणि त्याच्या मानेकडे बघत राहिल्या.

"मग मुलीचं लग्न?" त्यांनी विचारलं.

झालं. उचलली जीभ आणि लावली टाळ्याला. मी सगळं सांगितलं. मुलगा लाखात एक, पण त्याची आई म्हणजे तुमच्या शीआनभोवतीचा तट, कुठून आत शिरायला फटच नाही. लग्नाची गोष्ट निघाली की बाईंचा गुडघा दुखायला लागतो. एरवी संध्याकाळी बायकांबरोबर नाचत असतील चौकात! असला सोयीचा गुडघा मलाही कुठे मिळाला तर बरं होईल.

लाओ पू खोकला. मग परत खोकला. तिसऱ्यांदा खोकला तेव्हा मी पर्समधून खोकल्याची गोळी काढून त्याच्या तोंडात घातली आणि पुढे चालू केलं.

"गुडघे दुखतात हो," लेईताई खिडकीबाहेर बघत म्हणाल्या. "साठीनंतर दुखतात."

पांडा केंद्रात पोचलो तेव्हा दहाला दहा कमी. आतल्या छोट्या गाडीला ही लांब रांग, म्हणून चढाच्या रस्त्याने पायी निघालो. मी पुढे, छत्री उंच धरून. मागे वळून बघते तर ताई बांबूच्या कठड्याला धरून उभ्या.

"चला ताई, चला! पांडासुद्धा तुमच्यापेक्षा भरभर चालतो."

"पांडाला तीन वाजता उठून विमान पकडायला लागत नाही," त्या म्हणाल्या. पण चालल्या. दहा पावलं चालायच्या आणि एखादं फूल बघितल्यासारखं करून थांबायच्या. मला वाटलं, बाईला फुलांची हौस दिसते.

व्हायचं तेच झालं. बाकीचे सगळे झोपायला आत गेलेले. एकच मादी लाकडी माचावर बसली होती, आमच्याकडे पाठ करून. मान खाली, शेजारी बांबूच्या सालींचा ढीग. पाठीवर काळा पट्टा, खाली पांढरं भलंमोठं बूड. लोक फोन उंचावून तेवढंच टिपत होते.

लेईताई बराच वेळ बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "म्हणजे मी मध्यरात्री उठून, सातशे किलोमीटर उडून हिचं ढुंगण बघायला आले."

इतक्या जोरात, की 'शांतता राखा' पाटीखाली उभा असलेला रखवालदारही हसला. मला मात्र राग आला. पांडांबद्दल कुणी वाकडं बोललं की मला माहेराबद्दल बोलल्यासारखं लागतं. मी माझी नेहमीची माहिती सुरू केली. पिल्लू जन्मतं तेव्हा केवढंसं असतं, आई कसं छातीशी धरते, खाणंपिणं विसरते. "आणि दीड वर्षाचं झालं की सोडते. मग ते जिकडे जाईल तिकडे. ती वळूनसुद्धा बघत नाही."

"म्हणून अशी पाठ करून बसलीय होय?" लेईताई म्हणाल्या.

त्यांनी कठड्यावर दोन्ही हात टेकले. तेवढ्यात लाओ पू, ज्याने गाडीतच बसायला हवं होतं, तो धापा टाकत घडीचं स्टूल घेऊन आला. त्याने ते त्यांच्या मागे मांडलं. त्या बसल्या आणि त्यांच्या तोंडून एक लांब "आई गं" निघालं. शिवाय परत खाली जायला त्याने रांगेत उभं राहून आतल्या गाडीची दोन तिकिटं काढून ठेवली होती. मी त्याला डोळ्यांनीच विचारलं, हा काय चोंबडेपणा? तो दुसरीकडे बघायला लागला.

जेवायला आम्ही ओळखीच्या ठिकाणी गेलो. टेबलाच्या मधोमध उकळतं भांडं, त्यात आडवा पत्रा. एका बाजूला मिरच्या आणि तिरफळांचा लालभडक रस्सा, दुसऱ्या बाजूला पाहुण्यांसाठी साधा, बिनतिखट रस्सा. लेईताईंनी पिशवीतून रोटी काढली, वाडगा पुढे ओढला आणि रोटी कुसकरायला घेतली.

शीआनची माणसं रश्श्यात घालायला रोटी कुसकरतात हे मला माहीत आहे. पण कुणी सुपारीएवढे तुकडे करतं, कुणी बोराएवढे. ह्यांनी आधी रोटीची कड गोल फिरवून काढली, ती बशीत वेगळी ठेवली, आणि मग मधल्या भागाचे हरभऱ्याच्या डाळीएवढे तुकडे, सगळे सारखे. करंगळी वर. शेवटी ती कड उचलून शेजारच्याला द्यायची. त्यांनी ती लाओ पूला दिली.

दर रविवारी माझ्या टेबलावर बसून एक मुलगा अगदी असंच करतो. कड काढतो, करंगळी वर धरतो, आणि शेवटी ती कड श्याओमानला देतो.

माझ्या हातातली जेवायची काडी रश्श्यात पडली. सकाळपासून काय काय बोलले ते सगळं डोळ्यांपुढून गेलं. तट. फट. चौकातला नाच. मी लाओ पूकडे बघितलं. तो शांतपणे कड चावत होता.

"तुला माहीत होतं?"

"भुवया लिनच्याच आहेत," तो म्हणाला. "मी तीनदा खोकलो."

"तुम्ही लिनच्या आई," मी कसंबसं म्हटलं. आमच्याकडे लग्नानंतर बायका आपलंच आडनाव लावतात, त्यामुळे लेई म्हटल्यावर दांग कुठून आठवणार? फोटो पाहिला होता तो एकच, बर्फात, टोपी आणि मास्क लावलेला. "ताई, ताकाला येऊन भांडं लपवलंत!"

"मग काय करायचं? मुलगा म्हणाला, तिकडची आई सडेतोड आहे. मी म्हटलं, विहीण म्हणून भेटले तर गोडच बोलेल. गिऱ्हाईक म्हणून जाऊन बघावं." त्या खाली बघून रोटी कुसकरत राहिल्या. "बघितलं."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. माझ्या जिभेपायी पोरीचं लग्न मोडणार. मी म्हटलं, "ताई, मला बोलायचं ते बोला, पण राग तिच्यावर काढू नका. ती माझ्यासारखी नाही. ती चांगली आहे."

लेईताईंनी टेबलाखाली वाकून पँटचा पाय वर सरकवला. गुडघा नारळाएवढा सुजला होता. त्यावर जाड पट्टा आवळलेला, पट्ट्याच्या वरखाली लाल वळ.

"हा चौकात नाचत नाही," त्या म्हणाल्या.

मी त्या चढावर त्यांना 'चला, चला' करत होते. मला रडू आलं आणि मी रडले, भर टेबलावर, नाक वाहेपर्यंत. लाओ पूने उठून रुमाल दिला, दुकानातून बर्फ आणला, फडक्यात बांधून ताईंच्या पायाशी बसला आणि गुडघ्याला लावला. विचारलंसुद्धा नाही.

लेईताई त्याच्या टकलाकडे बघत होत्या. "लिनच्या वडिलांचे कान दगडाचे होते," त्या म्हणाल्या. आवाज पहिल्यांदाच खाली आला होता. "बत्तीस वर्षांत मला कधी एक कप पाणी दिलं नाही. वाईट नव्हते. तशीच पद्धत. गेले तेव्हा मला वाटलं, आता लिन तरी माझ्याजवळ राहील. आणि हा इथे येऊन दर रविवारी तुमच्याकडची भांडी घासतो! मला फोनवर आनंदाने सांगतो!"

"मी नको म्हणते," मी घाईने म्हटलं. "तो ऐकत नाही."

"खोटं बोलू नका. सकाळी चांगल्या खरं बोलत होतात."

मी माझ्या हाताने साध्या रश्श्यातलं मांस काढून त्यांच्या वाडग्यात घातलं. त्यांनी थोडं खाल्लं आणि काडी सरळ लाल बाजूला घातली. एक घास. डोळ्यांत पाणी, कान लाल. "जीभ बधिर झाली," म्हणाल्या आणि दुसरा घास घेतला.

पण हो की नाही, ते काही त्या बोलल्या नाहीत. विमानतळावर चाकाच्या खुर्चीत बसल्या, उरलेल्या रोट्यांची पिशवी लाओ पूच्या हातात दिली, "लिनला द्या, कोरड्या खाऊ नको म्हणावं," एवढं सांगितलं आणि गेल्या. वळून बघितलं नाही. मी त्यांच्या पाठीकडे बघत राहिले. घरी आल्यावर श्याओमानने विचारलं, "कसा गेला दिवस?" मला तिला सांगायचा धीर झाला नाही. रोट्या मी कपाटात लपवल्या.

जेवायला बसलो तेव्हा फोन वाजला. अभिप्राय आला होता. चार तारे.

'गाईडची जीभ तिखट. एक तारा गुडघ्याला खोटं म्हटल्याबद्दल कापला आहे. ड्रायव्हरचे कान मऊ आहेत, माझ्या मुलाचेही तसेच होऊ द्यावेत. पांडाची फक्त पाठ बघायला मिळाली, पण ती बघण्यासारखी होती. मेच्या दुसऱ्या रविवारी सकाळच्या विमानाने परत येत आहे, टेबलावर माझ्यासाठी जागा ठेवावी. भांडी लिनच घासेल. विहीणबाई, चढ असेल तर हळू चाला.'

अकरा वर्षांतले माझे पहिले चार तारे. मी फोन श्याओमानच्या हातात दिला आणि रोट्या काढायला उठले.