षड्जाचा वाडगा

“तारा, षड्जाचा वाडगा कुठे आहे?”

कमलाकांत मास्तरांनी गोधडीत गुंडाळलेले चिनी मातीचे वाडगे पुन्हा एकदा ओसरीवर मांडून पाहिले. जलतरंगातला नेमका ‘सा’ गायब होता. दारात गाडी उभी होती. अकोल्यात जलसप्ताहाचा समारोप होता. मास्तर आधी पाण्यावरचा आपला लेख वाचणार, मग वाजवणार. आयुष्यभर अकोटजवळच्या या गावात शाळेत गाणं शिकवलेल्या माणसाला पहिल्यांदाच कोणी मोठ्या मंचावर बोलावलं होतं.

“माझ्याजवळ आहे,” आतून तारा म्हणाली. “पाणी पिऊन राहिले मी त्यात.”

मास्तरांना आधी ते खरंच वाटेना.

हा सगळा मुलूख खारपाणपट्ट्यातला. बोअरचं पाणी तोंडात धरवत नाही. गोडं पाणी गावाबाहेरच्या देवळाच्या विहिरीला, तेही आटत चाललेलं. लग्न होऊन आली तेव्हापासून तारा रोज पहाटे तिथून घागर आणत होती. ती घागर वाडग्यांची. खाऱ्या पाण्याने वाडग्यांवर पांढरं पुट चढतं, सूर मातकट होतो, असं मास्तरांचं म्हणणं. घागरीतलं तांब्याभर पाणी मास्तरांना प्यायला, उरलेलं रियाजाला. रियाज झाला की ते पाणी तुळशीला जाई. नादाचं पाणी, ते काय घशाखाली घालायचं? तारा बोअरचं प्यायची. तिला कोणी पी म्हटलं नव्हतं आणि पिऊ नको असंही म्हटलं नव्हतं. वाडग्यांवर पुट चढू नये म्हणून एवढी काळजी. बाईच्या आत काय चढत होतं, ते कोणी वाजवून पाहिलं नाही.

दिवाळीनंतर तिचे पाय सुजले. अकोल्याच्या डॉक्टरांनी मूत्रपिंडं गेल्याचं सांगितलं. “खाऱ्या पट्ट्यात असे रुग्ण फार. घरात पाणी कोणतं पिता?” त्यांनी विचारलं.

“गोडं. देवळाच्या विहिरीचं,” मास्तर चटकन म्हणाले. खोटं बोलायचं म्हणून बोलले नाहीत. त्यांना खरंच तसं वाटत होतं. तारा नुसती त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली.

आता घरात गोड्या पाण्याचा कॅन येत होता, आणि तिला दिवसभरात फार थोडंच पाणी प्यायची परवानगी होती. सकाळी एक वाडगाभर आणि संध्याकाळी एक वाडगाभर, तेवढंच. ते मोजायला घरात भांड्यांचा तोटा नव्हता. तरी तिने आज उठल्या उठल्या गोधडीची गाठ सोडून हा वाडगा काढून घेतला होता.

मास्तर आत आले. खाटेशी शेजारच्या दुर्गाबाई बसल्या होत्या. ताराच्या हातात वाडगा होता, जेमतेम दोन घोट कमी झालेला.

“दे तो. गाडी खोळंबली आहे.”

“मास्तर, तिचं पानी हाये ना त्याच्यात!” दुर्गाबाई उसळल्या. “एक दिस दुसऱ्या वाडग्यानं भागवा!”

“दुसरा त्या सुरात बसत नाही हो. सा नाही तर गाणं सुरू कुठून करू?”

“मंग नका करू! बाईचा जीव जाऊन राहिला अन् तुमाले गाण्याची पडली!”

क्षणभर मास्तरांचे डोळे भरून आले. तारा वाट बघत होती. या घरात आल्यापासून तिने नवऱ्याकडे काही मागितलं नव्हतं; आज मागत होती, तेही तोंडाने नाही. ‘राहू दे, मी नाही जात’ एवढं तो म्हणाला असता, तर वाडगा तिने स्वतः पुसून त्याच्या हातात दिला असता.

“पेल्यात ओत ना,” मास्तर हळूच म्हणाले. “पाणी तेच आहे.”

ताराने स्टीलचा पेला ओढला. ओतताना थोडं पाणी जमिनीवर सांडलं. तिने पदराने वाडगा आतून-बाहेरून कोरडा केला आणि पुढे धरला. मास्तरांनी तो उजेडात धरून काठावरून बोट फिरवलं.

“टवका तर नाही ना उडाला?”

“नाही,” तारा म्हणाली.

ते वाडगा घेऊन गाडीकडे निघाले. जाता जाता मास्तर लेखाची सुरुवात पुटपुटत होते, ती खिडकीतून ऐकू आली. ‘पाण्याने माझ्याकडे कधी काही मागितलं नाही, ते फक्त देत राहिलं.’

दुर्गाबाई पदराने नाक पुसत उठल्या. “कॅनातलं जरासं पानी तुळशीले घालू का वो? सुकली बिचारी.”

“नको,” तारा म्हणाली. “माझ्या वाट्याचं लई पिऊन झालं तिचं.”

तिने पेला तोंडाला लावला आणि घोट जिभेवर धरून ठेवला. पाणी गोड होतं. मग संध्याकाळपर्यंत पुरायला हवं म्हणून तिने पेला खाली ठेवला आणि त्यावर झाकण घातलं.