अर्धी चकाकी

गोदाबाई कनकाच्या बाकावर बसल्या त्या तिचा कान धरायलाच. वाकून उभं राहायला गुडघे तयार नव्हते, म्हणून त्या अंग चोरून मुलीच्या शेजारी टेकल्या, लाल पेनाचं टोक तिच्या वहीवर ठेवलं आणि तमिळमध्ये म्हणाल्या,

"हे काय आहे?"

"गणित, मिस."

"कुणाचं गणित? मी फळ्यावर 'वजा आठ एक्स' लिहिलं. तू 'वजा तीन एक्स' उतरवलंस. आणि खाली थाटात लिहिलंस, वास्तव मुळं नाहीत! वर बघून सांग, काय लिहिलंय?"

कनकानं मान वर केली नाही. म्हणून बाईंनीच वर पाहिलं.

फळ्यावर काही लिहिलेलंच नव्हतं. म्हणजे दहा मिनिटांपूर्वी त्यांनी स्वतःच्या हातानं लिहिलेलं होतं, पण या बाकावरून फळ्याच्या मधोमध नुसता एक पांढुरका पट्टा दिसत होता. वर्गाच्या पलीकडच्या भिंतीतल्या तिन्ही खिडक्यांचा सकाळचा उजेड त्या नव्या, तुळतुळीत फळ्यावर येऊन पडला होता. कडेचे एक-दोन आकडे दिसत होते. मधल्या इंग्रजी आठाची डावी बाजू उजेडानं खाल्ली होती आणि उरलेला तीन अगदी ठसठशीत दिसत होता.

बाईंनी डोळे मिटून पुन्हा उघडले. मग त्यांनी कनकाची वही जवळ ओढली आणि वजा तीन एक्स धरून ते गणित मनातल्या मनात सोडवलं. वास्तव मुळं नव्हती. मुलीनं जे पाहिलं होतं त्याचं उत्तर बरोबर काढलं होतं आणि त्यावर गोदाबाईंनी शून्य दिलं होतं. जूनपासून अशी किती शून्यं दिली, ते आठवायचं त्यांचं धाडस झालं नाही.

"सांगायचं नाहीस?"

"सांगितलं होतं, मिस. जूनमध्ये. फळा दिसत नाही म्हणून."

"मग मी काय म्हणाले?"

कनकाच्या पुढच्या बाकावरची अमुदा मागे वळून म्हणाली, "तुम्ही म्हणालात, नाचता येईना अंगण वाकडं. मग म्हणालात, डोळे तपासून घे."

कनकानं डोळे तपासून घेतले होते. तिच्या नाकावर जुलैपासून चष्मा होता. अमुदाच्याही होता. भिंतीकडच्या त्या रांगेत पाच चष्मे होते, आणि खिडकीकडच्या रांगेत एकही नव्हता. ही गोष्ट एकतीस वर्षं मास्तरकी केलेल्या बाईच्या ध्यानात आली नाही, कारण ती एकतीस वर्षं फळ्याला चिकटून उभी होती. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा.

मधल्या सुट्टीत त्या मुख्याध्यापिका अलमेलू मॅडमच्या खोलीत गेल्या. टेबलावर ती यादी होतीच. दहावीच्या बोर्डाची नावं पाठवायच्या आधी सात मुलांना शाळा सोडल्याचे दाखले द्यायचे होते. तिमाही परीक्षेत गणितात नापास झालेली मुलं; तिचे प्रश्नही फळ्यावरच लिहिलेले. ती शाळेतून बोर्डाला बसली तर शंभर टक्के निकालाचा फलक रस्त्यावर लावता येणार नव्हता. चेन्नईच्या वेस्ट मांबलममधल्या शाळांत ही चाल होती, आणि तिच्याबद्दल कुणी मोठ्यानं बोलत नसे. दाखला हातात पडला, की त्या मुलानं बाहेरून बसावं नाहीतर घरी बसावं.

गोदाबाईंनी यादी उचलून नावं वाचली. अभिरामी, अमुदा, अरुळ, दुर्गा, गणेशन, जानकी, कनका.

"मॅडम, अक्कल काय अक्षरांच्या क्रमानं वाटलेली असते?"

"म्हणजे?"

"म्हणजे हजेरीच्या क्रमानं बसवलेली भिंतीकडची रांग आहे ही. ए पासून के पर्यंत. सातही त्याच रांगेतली. त्यांना फळा दिसत नाही."

अलमेलू मॅडमनी चष्म्यावरून दाराकडे पाहिलं. दार बंद आहे याची खात्री झाल्यावर त्या हळू आवाजात म्हणाल्या, "गोदा, सोमवारी त्या फळ्यांचा समारंभ आहे. फळे करस्पाँडंट सरांनी दिलेत, त्यांच्या वडिलांच्या नावे. आता त्यांना जाऊन सांगू, की तुमचा फळा दिसत नाही?"

"तुम्ही नका सांगू. मी सांगते."

"मे महिन्यात तुझी निवृत्ती आहे. पुढची दोन वर्षं ठेवून घ्यायचं त्यांनीच कबूल केलंय."

"ठाऊक आहे मला," गोदाबाई म्हणाल्या. ती दोन वर्षं त्यांना हवी होती. शाळेबाहेर आपण काय करायचं असतं, याची त्यांना कल्पनाच नव्हती.

करस्पाँडंट म्हणजे शाळेचा सगळा कारभार पाहणारा माणूस. हा सुधींद्र राव याच शाळेत शिकला होता, गोदाबाईंच्याच वर्गात. तंजावरकडचं मराठी घर, बाईंसारखंच. आता नुंगंबाक्कमला त्याचं रंगाचं मोठं दुकान होतं. शनिवारी सकाळी तो समारंभाची तयारी पाहायला आला तेव्हा त्याच्या काखेत वर्तमानपत्रात गुंडाळलेली पितळी पाटी होती. वडिलांच्या, वेंकोबा रावांच्या नावाची. ती फळ्याच्या वर बसवायची होती.

दहावीच्या वर्गात गोदाबाई एकट्याच होत्या. त्यांनी फळ्यावर एक गणित लिहून ठेवलं होतं. मांडीवर कापडी पिशवी होती. चारचौघांत ही दोघं तमिळ बोलत, पण दुसरं कुणी नसलं की घरची मराठी आपोआप तोंडात येई.

"टीचर, शनवारीं कां आलांत? गुडघे कसे अहेत?"

"अहेत तेथ्थेच अहेत. सुधींद्रा, ह्या फळ्याला कोण्ता रंग लावलास?"

सुधींद्र खूश झाला. रंगाबद्दल विचारलं, की हा माणूस भर उन्हात उभा राहून सांगायचा.

"सेमी-ग्लॉस, टीचर. भारीतला. मॅट मण्जे भिंत गप्प, कांही दिसना. ग्लॉस मण्जे आपलंच तोंड दिसतें. सेमी-ग्लॉस मधला. समोर कोणतरी उभं अहे येवढं कळतें, कोण तें कळना."

"आणि तो मारतांत कोठ्ठे?"

"जें रोज पुसायाचं तेथ्थे. स्वैपाकघर, न्हाणीघर, आस्पत्रीच्या भिंती, दारं. फळा दिवसांत चाळीसदां पुसतांत. मण्जे सेमी-ग्लॉसच की! सरी, बरोबर ना?"

बोलणं बिनतोड होतं. दुकानात उभं राहून पाहिलं तर त्यात खोट काढायला जागा नव्हती. गोदाबाईंनी मान डोलावली आणि भिंतीकडच्या तिसऱ्या बाकावर बोट ठेवलं.

"बस तेथ्थे."

"इथ्थे? ऑफिसांत बसूं की, टीचर."

"बस मण्टलें मी."

बेचाळीस वर्षांचा, पांढऱ्या सदऱ्यातला करस्पाँडंट मुकाट्यानं बाकात शिरला. त्याचे गुडघे वरच्या फळीला टेकले. बाईंनी त्याच्यापुढे कोरा कागद आणि पेन ठेवलं.

"फळ्यावरचं गणित उतरव आणि सोडव."

त्यानं मान थोडी डावीकडे केली, मग उजवीकडे. डोळे बारीक केले. दिसत नाही असं म्हणणं त्याच्या स्वभावात नव्हतं आणि ज्या रंगाचे डबे आपण विकतो त्याच्याविषयी तर नव्हतंच. त्यानं भराभर उतरवलं आणि सोडवायला घेतलं. गणितात तो पहिला असे. पाच मिनिटांनी त्याचं पेन थांबलं. त्यानं सगळं खोडून पुन्हा मांडलं. पंख्याखाली त्याच्या कपाळावर घाम दिसायला लागला.

"हें सुटना, टीचर. गणितच चूक अहे."

"गणित बरोबर अहे. आण."

बाईंनी कागद घेतला. वजा तीन एक्स. त्यांनी लाल पेनानं त्यावर एक रेघ मारली आणि खाली मोठं शून्य काढलं. मग मॅडमच्या खोलीतून आणलेली यादी उघडून सातव्या नावाखाली त्याच लाल शाईनं आठवं लिहिलं. व्ही. सुधींद्र, दहावी ब.

"आठ दाखले काढ," त्या म्हणाल्या.

तो उठून फळ्यापाशी आला. तिथून आठ स्पष्ट दिसत होता. तो पुन्हा बाकापर्यंत मागे गेला, वाकून पाहिलं, आणि त्याचा चेहरा तांबडा झाला.

"सोमवारीं समारंभ होऊं दे. मग पाहूं. पडदे लावूं खिडक्यांना."

"पडदे लावून पोरांना अंधारांत बसवतोस? आणि दाखले? ते सोमवारींच द्यायाचे ना?"

"रिझल्टचं तुम्हांला कळना, टीचर. शाळा चालवायाची मण्जे..."

"सात लेकरं तुझ्या रंगापायीं घरीं बसतील, येवढं मला कळतें. आणि मी त्यांना शून्य दिलें. तुझ्याहून माझी चूक मोठी अहे. मी गप्प बसायाची नाहीं."

असं म्हणून त्यांनी पिशवीतून पॉलिश पेपर काढला. जाड, खरखरीत, त्याच्याच दुकानात मिळतो तसला. त्यांनी तो हाताला गुंडाळला आणि फळ्याच्या मधोमध घासायला सुरुवात केली. कर्रर्र असा आवाज सगळ्या मजल्यावर गेला.

"टीचर! तें माझ्या अप्पांच्या नांवाचं अहे!"

गोदाबाई थांबल्या नाहीत.

"बंद करा. नाहींतर मेनंतर..."

"मेनंतर मी घरीं बसेन. माझं वय झालें. कनका पंधराची अहे."

दाराशी कनका, अमुदा आणि गणेशन उभे होते. बाईंनी त्यांना अकराला बोलावलं होतं. कनकाच्या हातात शाळेच्या कुंपणावरच्या तोंडलीच्या वेलाचा पाला होता, ओंजळभर. गणेशननं कोपऱ्यावरच्या इस्त्रीवाल्याकडून विझलेला कोळसा आणला होता. करस्पाँडंटना पाहून तिघं दारातच खिळली.

"या आत," बाई तमिळमध्ये म्हणाल्या. "घाबरताय कशाला? कोळसा कुट बारीक."

सुधींद्र त्या पाल्याकडे पाहत राहिला. पाला आणि कोळसा एकत्र वाटून फळ्याला चोळायचा, सुकला की काळाभोर, मऊसर, डोळ्याला थंड असा फळा होतो. आता पेठेत रंग मिळतो म्हणून कुणी करत नाही. त्याच्या वेळी दर शनिवारी हे काम असे, आणि ज्यांना फी माफ होती त्याच मुलांना लावत. वेंकोबा राव कारकून होते, सुधींद्रला फी माफ होती. सात वर्षं त्याचे हात रविवारी संध्याकाळपर्यंत हिरवे-काळे असत. सोमवारी इतर पोरं हात पाहून हसायची.

"माझ्या शाळेंत कोण्त्याही लेकराचे हात काळे व्हायाचे नाहींत, मणूनच मी तो रंग लावला," तो म्हणाला. आवाज चढा होता, पण शेवटी फाटला.

गोदाबाईंचा हात थांबला. एवढं त्यांना माहीत नव्हतं. त्या काळी त्यांनीच नावं वाचून मुलांना फळा घासायला लावलं होतं, हे मात्र त्यांना चांगलं आठवत होतं. त्यांना त्याची दया आली, आणि स्वतःचा रागही आला. मग त्यांनी कनकाच्या हातून पाला घेतला, स्वतःच्या तळहातावर चुरडला, कोळशाची पूड त्यात कालवली आणि तो लगदा स्वतःच फळ्याला लावला.

"पोरं बाजूला उभी राहतील," त्या म्हणाल्या. "काळे झाले तर माझे हात होऊं देत."

सुधींद्रनं टेबलावरची यादी घडी करून खिशात घातली आणि तो निघून गेला. पाटी न्यायची राहिली. जिन्यावरची त्याची पावलं तिघा मुलांनी मोजत असल्यासारखी ऐकली.

"मिस, तुमची नोकरी जाईल?" कनकानं विचारलं.

"जाईल. तू तिथे जाऊन बस आणि वाच काय लिहिते ते."

फळा सुकायला दुपार झाली. मग गोदाबाईंनी लगदा लावलेल्या भागावर तेच गणित पुन्हा लिहिलं. जूनपासून खडू घसरायचा, आज तो धरून चालला. कनकानं तिसऱ्या बाकावरून ते मोठ्यानं वाचलं, वजा आठ एक्ससकट. मग चष्मा काढून पुन्हा वाचलं.

सोमवारी सकाळी गोदाबाई शाळेत आल्या त्या टेबलाचा खण रिकामा करायच्या तयारीनं, मोठी पिशवी घेऊन. हातांच्या रेघांमधला काळा रंग अजून गेला नव्हता. पितळी पाटी होती तिथेच, कागदात. अलमेलू मॅडमनी त्यांच्याकडे न पाहता हजेरीपट पुढे सरकवला.

"सरांनी काल माझ्या घरी पाठवलं हे, समारंभ पुढे ढकलल्याच्या निरोपासकट. मला काही विचारू नकोस."

हजेरीपटात घडी घातलेली यादी होती. पहिली सात नावं निळ्या शाईनं एकेक करून खोडलेली होती. आठवं लाल शाईतलं नाव तसंच होतं.

स्वतःचं शून्य सुधींद्रनं मान्य केलं होतं, हे गोदाबाईंना कळलं. मग घंटा झाली, तेव्हा त्यांनी यादी पुन्हा हजेरीपटात ठेवली, रिकामी पिशवी खुर्चीला अडकवली आणि खडू घेऊन वर्गाकडे निघाल्या.